मदत हवी आहे: रिपीटरवर आवाज जातो, सिम्प्लेक्सवर जात नाही

नवखा_व्हीयू३:
नमस्कार मंडळी. हॅम रेडिओचा परवाना नुकताच हातात आलाय. परीक्षेपुरतं पाठ होतं की ज्या फ्रिक्वेन्सीवर बोलायचं तिच्यावरच ऐकायचं, मध्ये रिपीटर (आपला सिग्नल घेऊन पुढे पाठवणारं केंद्र) नाही, ते सिम्प्लेक्स. प्रत्यक्षात घोडं अडलंय.

रविवारी मी पर्वतीवर आणि मित्र वेताळ टेकडीवर. सरळ रेषेत पाच किलोमीटरही नसेल. दोघांकडे एकाच मॉडेलचे पाच वॅटचे चिनी हँडसेट, सोबत आलेली आखूड अँटेना. आधी रिपीटरवरून बोललो, झकास. मग दोघांनीही १४५.५०० मेगाहर्ट्‌झ टाकलं. त्याचं बोलणं मला शेजारी उभा असल्यासारखं ऐकू येत होतं, पण माझं त्याला अक्षरही पोचेना. पीटीटी (बोलायचं बटण) दाबलं की लाल दिवा लागतो, स्क्रीनवर १४४.९०० दिसतं, सोडलं की परत १४५.५००. रिपीटरवर बोलतानाही आकडा असाच बदलतो, म्हणून तिकडे लक्ष दिलं नाही. शेवटी मोबाइलवर बोललो, म्हणजे बघा!

मित्राच्या मते अँटेना बदलायला हवी. खर्च करू का? शिवाय एका अमेरिकन व्हिडिओत १४६.५२० ही सिम्प्लेक्सची फ्रिक्वेन्सी सांगितली होती, ती मेमरीत भरून ठेवलीय. ती वापरून बघू का?

गच्चीवरचा_काका:
अँटेना बदलाच. दोन मीटर बँडला (तुमची ही १४५ची पट्टी) पाव तरंगलांबी म्हणजे साधारण अर्धा मीटर लागते, सोबतचा रबरी तुकडा त्याच्या निम्म्याहूनही कमी असतो. फरक पडेल.

तारेवरची_कसरत:
काका, फरक पडेल हे खरं, पण इथे दुखणं वेगळं आहे. दोघांचे सेट सारखे, अँटेना सारख्या, मधली हवाही तीच. त्याचा आवाज इकडे येतो, मग याचा तिकडे का जाऊ नये? आवाज एकाच बाजूने जात असेल तर अंतराला दोष देऊ नका, सेटिंग बघा.

ओएम (म्हणजे मित्रा), उत्तर तुम्हीच लिहिलंय. पीटीटी दाबल्यावर १४४.९०० दिसतं, म्हणजे बरोबर ६०० किलोहर्ट्‌झ खाली. रिपीटरसाठी लावलेला वजा ऑफसेट (बोलताना फ्रिक्वेन्सी खाली सरकवणारी सेटिंग) तसाच राहिलाय. रिपीटर खालच्या फ्रिक्वेन्सीवर तुमचं ऐकतो आणि वरच्या फ्रिक्वेन्सीवर सगळ्यांना ऐकवतो, म्हणून तिथे तो लागतो. सिम्प्लेक्सला तुम्ही १४४.९०० वर बोलत होतात आणि मित्र १४५.५०० वर कान लावून बसला होता. मेन्यूत शिफ्टची, म्हणजे या ऑफसेटची, दिशा बंद करा. दाबल्यावरही आकडा हलला नाही की झालं.

तरीही मित्राला ऐकू आलं नाही तर त्याच्या सेटवर रिसीव्ह टोन (सिग्नलसोबत जाणाऱ्या ओळखीच्या सुराची अट) लागलाय का बघा. तो असेल तर तसाच टोन असलेल्या सिग्नललाच स्पीकर उघडतो.

आणि १४६.५२० आधी पुसा! अमेरिकेत हा बँड १४८ मेगाहर्ट्‌झपर्यंत आहे, आपला १४४ ते १४६. तिथे बोलणं म्हणजे परवान्याबाहेर जाणं. ऑफसेट तसाच ठेवून दाबलं असतंत तर १४५.९२० वर गेला असतात, म्हणजे उपग्रहांसाठी राखलेल्या पट्ट्यात. एक चूक दुसरीवर स्वार!

नवखा_व्हीयू३:
शिफ्ट बंद केली, आज संध्याकाळी पुन्हा दोन्ही टेकड्या चढलो. पहिल्या हाकेलाच उत्तर आलं! टोनचं लफडं नव्हतं. अँटेनाचे पैसे वाचले. 😀 आता घरून घरी जमेल का? मी धायरीत तळमजल्यावर, तो औंधला तिसऱ्या मजल्यावर.

तारेवरची_कसरत:
तळमजल्यावरून आशा कमीच. ढोबळ हिशेब असा: जमिनीपासूनच्या उंचीचं मीटरमध्ये वर्गमूळ काढा, ४.१ ने गुणा, तेवढे किलोमीटर रेडिओचं क्षितिज. हातात सेट धरून उभा माणूस म्हणजे दीड मीटर, क्षितिज पाच किलोमीटर. समोरच्याचं तेवढंच, एकूण दहा. पण हे मोकळ्या माळावर. मध्ये इमारती आल्या की दोन-तीनवर येतं. शंभर मीटर उंच टेकडीवर एकट्याचंच क्षितिज एक्केचाळीस होतं. वॅट वाढवण्यापेक्षा पायऱ्या चढा.

गच्चीवरचा_काका:
मान्य, घाई झाली माझी. पण धायरी ते औंध करायचं असेल तर गच्ची गाठा आणि आता खरंच अँटेना बदला. 😄 बोलण्याआधी मिनिटभर ऐका, फ्रिक्वेन्सी कुणी वापरत असेल तर बाजूला सरका. आणि सिम्प्लेक्स वेगळ्या मेमरीत भरा, ऑफसेट शून्य करून. रिपीटरच्या चॅनेलवरच आकडे बदलत बसलात तर पुढच्या रविवारी पुन्हा मोबाइल काढाल.

नवखा_व्हीयू३:
भरलं. १४६.५२० पण पुसलं. ७३ (शुभेच्छा).