हवाई बेटांच्या जुन्या कथा लेकरांना सांगायच्यात, कुठून सुरू करू?

गोदाकाठची_ताई
नमस्कार मंडळी. सेलू तालुक्यात आमच्या गावच्या वाचनालयात रविवारी लेकरांना गोष्ट सांगते, चौथी ते आठवी सगळे एकत्रच बसतात. रामायण, पंचतंत्र, आपल्या देव्यांच्या कथा सगळं झालं, आता लेकरंच म्हणायली की ताई लांबच्या देशातलं काहीतरी सांगा. म्हणून हवाई बेटांच्या पुराणकथा वाचायला घेतल्या अन् खरं सांगते, लई आवडल्या. ज्वालामुखीची देवी पेले, सूर्याला दोरीनं बांधणारा माउई, एका रात्रीत तलाव बांधणारे मेनेहुने नावाचे बुटके लोक. पण गोंधळ असा व्हायलाय की एकच गोष्ट चार ठिकाणी चार तऱ्हेनं वाचायला मिळते. त्यात ते "पेलेचा शाप" प्रकरण, म्हणजे तिथला दगड घरी नेला की वाटोळं होतं म्हणे, हे जुनं आहे का कोणी नंतर चिकटवलं? आणि दुसरं, एका ओळखीच्या सरांनी सल्ला दिला की पेले म्हणजे सरळ "हवाईची भवानी" असं सांगून टाका, लेकरांना पटकन कळंल. मला ते काही पटंना पण नीट कारणही सांगता येईना. जाणकारांनी जरा सांगा, सुरुवात कोणत्या गोष्टीनं करू.

बालाघाट_भूगोल
ताई, मी अंबाजोगाईकडं भूगोल शिकवतो आणि पेलेची गोष्ट दरवर्षी वर्गात सांगतो, तर माझं मत म्हणजे सुरुवात पेलेच्या प्रवासापासूनच करा आणि भिंतीवर नकाशा लावून करा.

पेले मूळची काहिकीची, म्हणजे दक्षिणेकडं समुद्रापलीकडच्या पूर्वजांच्या देशातली. तिथं थोरल्या बहिणीशी, नामाकाओकाहाइशी, तिचं भांडण होतं आणि ती थोरली साक्षात समुद्राची देवी, मग काय. पेले भावंडांना घेऊन होडीतून निघते, होडी हाकायला भाऊ कामोहोआली, तो शार्क देव. वायव्येच्या टोकाला काउआई बेटावर उतरते, काठीनं जमीन उकरून आगीसाठी घर करायला बघते की मागून बहीण लाट घेऊन येते आणि खड्डा विझवून टाकते. मग ओआहू, तिथंही तेच. मोलोकाई, तेच. माउई बेटावर तर दोघींची थेट झुंज होते, पेलेचं शरीर फाटतं आणि हाडं किनाऱ्यावर पडतात, हाना गावाजवळ एक टेकडी आहे तिला लोक आजही पेलेची हाडंच म्हणतात. शरीर गेलं पण पेले संपली नाही, ती पुढं सगळ्यात मोठ्या बेटावर जाते आणि किलाउएआ डोंगरावर हालेमाउमाउच्या खड्ड्यात राहायला लागते, इतक्या खोल आणि उंच जागी की बहिणीचं पाणी पोचत नाही.

आता हे नकाशावर बघा. काउआईचा खडक साधारण 50 लाख वर्षांचा, ओआहूचा 30 ते 40 लाखांच्या आसपास, माउई त्याहून तरुण, आणि मोठं बेट 10 लाखांच्याही आतलं, अजून वाढतंय. पॅसिफिकचा तळ वायव्येकडं सरकतोय आणि खालचा तप्त भाग जागच्या जागी आहे, म्हणून एकामागून एक बेटं तयार होत गेली आणि जुनी विझत गेली. म्हणजे पेले ज्या क्रमानं चालली त्याच क्रमानं ज्वालामुखी विझलेत!! त्या लोकांनी हे यंत्राशिवाय, झीज बघून, माती बघून, कुठं जंगल दाट आणि कुठं खडक उघडा हे पिढ्यान्‌पिढ्या बघून ओळखलं असणार असं मला मनापासून वाटतं. मोठ्या बेटाच्या आग्नेयेला समुद्राखाली अजून एक ज्वालामुखी वाढतोय, त्याला 2021 साली कामाएहुआकानालोआ हे पारंपरिक नाव अधिकृतपणे दिलं. पोरांना हे फार भावतं.

आणि आपण मराठवाड्यातली माणसं लाव्ह्यावरच राहतो की. वेरूळची लेणी ज्या खडकात कोरली तो सगळा थिजलेला लाव्हाच, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. लेकरांना अंगणातला काळा दगड हातात द्या अन् मग गोष्ट सुरू करा.

लेहुआचं_फूल
सरांचा नकाशा झकास आहे पण मी म्हणेन बहिणींची दुसरी गोष्ट जास्त सांगा, धाकटीची. ती सांगितल्याशिवाय पेले कळतच नाही, नुसती आग लावणारी देवी होऊन बसते.

पेलेची सगळ्यात धाकटी बहीण हिइआका. काहिकीहून येताना ती अंड्याच्या रूपात होती आणि पेलेनं तिला काखेत धरून, अंगाच्या उबेत जपत आणलं. म्हणजे जीव किती होता बघा. पुढं एकदा पेले झोपली असताना तिचा आत्मा ढोलाच्या आवाजामागं निघाला, तो थेट काउआईवर हाएनाला पोचला, तिथं लोहिआउ नावाचा देखणा राजा नाचगाण्याला बसलेला. दोघांचं मन जुळलं. जागी झाल्यावर पेलेनं बहिणींना विचारलं, कोण जाऊन त्याला घेऊन येईल, तर सगळ्या गप्प, कारण वाट भुताखेतांची. फक्त हिइआका तयार झाली. पेलेनं तिला 40 दिवसांची मुदत दिली. हिइआकानं एकच मागितलं, माझी लेहुआची झाडं आणि माझी मैत्रीण होपोए यांना धक्का लावू नकोस. पेलेनं शब्द दिला.

मग तो प्रवास!! हिलोजवळच्या जंगलात पानाएवा नावाचा मोओ, म्हणजे भलामोठा सरड्यासारखा राक्षस, धुकं आणि पाऊस घेऊन अंगावर येतो. ओआहूच्या किनाऱ्यापाशी ती दुसऱ्या मोओला मारते, त्याची शेपटी समुद्रात पडून छोटं बेट झालं, मोकोली नावाचं, आजही दिसतं. आणि काउआईला पोचते तर लोहिआउ विरहानं मेलेला. हिइआका त्याचा भटकणारा आत्मा पकडते आणि मंत्र म्हणत म्हणत, दिवसचे दिवस, तो शरीरात परत घालते. ह्यात मुदत उलटून जाते. इकडं पेलेला संशय, की धाकटीनं त्याला स्वतःसाठी ठेवून घेतला. ती लेहुआची राई जाळते, होपोएला नाचता नाचता दगड करून टाकते. हिइआका लांबूनच धूर बघते आणि समजते. आणि तरी, तरी ती लोहिआउला खड्ड्याच्या काठापर्यंत घेऊन येते, दिलेला शब्द पुरा करते, आणि तिथं पेलेच्या डोळ्यांदेखत पहिल्यांदाच त्याला मिठी मारते. पेले त्याला लाव्ह्यानं वेढून टाकते. (पुढं तो पुन्हा जिवंत होतो, त्याचे फाटे वेगवेगळे आहेत.)

मला ह्यात कोण बरोबर हे ठरवताच येत नाही आणि म्हणूनच ती मोठी गोष्ट आहे. सातवी-आठवीच्या पोरींना ही सांगाच. आणि ओहिआ लेहुआ हे झाड खरंच ताज्या थिजलेल्या लाव्ह्यावर सगळ्यात आधी उगवणाऱ्यांपैकी, लालभडक तुऱ्यासारखं फूल. जी राई पेले जाळते तीच पुन्हा तिच्या दगडातून वर येते.

नळदुर्गकर
शापाचं सांगतो. दगड नेला की वाटोळं, हे जुन्या परंपरेत सापडत नाही, गेल्या शतकात पर्यटक वाढल्यावर पसरलेलं आहे. तिथल्या राष्ट्रीय उद्यानाकडं लोक अजून पार्सलनं दगड परत पाठवतात, माफीच्या चिठ्ठ्या लिहून. जुनी रीत वेगळी होती, ओहेलो नावाची लाल फळं डोंगरावर लागतात, ती स्वतः खायच्या आधी पेलेला वाहायची. 1824 मध्ये कापिओलानी नावाच्या सरदार घराण्यातल्या बाईनं, ती तोवर ख्रिस्ती झालेली होती, ती फळं न वाहता मुद्दाम खाल्ली आणि खड्ड्यात उतरून दाखवलं. म्हणजे पेलेला मानणारे आणि न मानणारे दोन्ही तिथलेच. हे पण लेकरांना सांगायला हरकत नाही.

आता एकच गोष्ट चार तऱ्हेनं का, तर बेटाबेटावर, घराण्याघराण्यात वेगळी सांगायचे. त्यात चूक-बरोबर शोधत बसू नका ताई. आणि एक गोष्ट फार लोकांना माहीत नसते, ह्या कथा फक्त गोऱ्या पाद्र्यांनी लिहून घेतलेल्या नाहीत. 1834 पासून 1948 पर्यंत हवाईच्या भाषेत वर्तमानपत्रं निघायची, आणि हवाईच्याच माणसांनी त्यात आपल्या कथा क्रमशः छापल्या. 1861 मध्ये कापिहेनुई नावाच्या लेखकानं हिइआकाची कथा अशीच छापली, आणि ज्या पत्रात छापली त्याच्या संपादकांत पुढं राजा झालेला कालाकाउआ होता.

1893 मध्ये तिथली राणी लिलिउओकालानी हिला गादीवरून काढलं, 1896 मध्ये शाळांतून त्यांची भाषा हटवली, फक्त इंग्रजी. हे वाचून मला आमच्या आजोबांचं आठवतं, निजामाच्या राज्यात शाळा उर्दूतून आणि मराठी घरात. आपल्याला 17 सप्टेंबर 1948 नंतर मराठी शाळा मिळाल्या. त्यांना 1978 पर्यंत थांबावं लागलं, तेव्हा कुठं हवाईची भाषा राज्यघटनेत अधिकृत झाली, आणि 1980 च्या दशकात त्या भाषेतल्या बालवाड्या सुरू झाल्या. त्या बालवाडीतली लेकरं आज ज्या कथा ऐकायलीत त्यातल्या कितीतरी त्या जुन्या पेपरांत टिकल्या म्हणून आहेत.

आराध्याची_लेक
मी तुळजापूरकडची, आमच्या घरात आराध्यांची परंपरा आहे. "हवाईची भवानी" ह्यावर मला जरा पोटतिडकीनं बोलायचंय.

नका म्हणू. आई भवानी महिषासुराला मारते, भक्ताच्या हाकेला येते. पेले कोणाला मारायला अवतरलेली नाही, ती जमीन आहे, स्वतः खडक आहे, जाळते ती आणि नवी जमीन घडवते ती पण तीच. 2018 मध्ये किलाउएआ फुटला तेव्हा सातशेच्या आसपास घरं लाव्ह्याखाली गेली, आणि तिथले बरेच लोक लाव्हा यायच्या आधी घर झाडून पुसून, दारात टी नावाच्या झाडाची हिरवी पानं ठेवून निघाले, की घर तिचंच आहे, ती घ्यायला आली. ह्याला कोप म्हणायचं का मालकीण परत आली म्हणायचं? आपल्या साच्यात बसवलं की नेमकं हेच सुटतं. उद्या कोणी लांबचा माणूस येऊन आमच्या पोताला नुसता "मशाल डान्स" म्हणाला तर आमच्या जिवाला लागंल ना.

जुळतं कुठं ते मात्र जरूर दाखवा. आपला गोंधळी संबळ वाजवत उभ्यानं कथा सांगतो तशी त्यांच्यात कथा हुलामधून चालते. जुना हुला म्हणजे हॉटेलातला पाहुण्यांसाठीचा नाच नव्हं. एकजण भोपळ्याचं वाद्य वाजवत मंत्र म्हणतो आणि नाचणारी हातांनी कथा सांगतात, शब्द आधी, नाच त्याच्या मागून. हिलोला दरवर्षी ईस्टरनंतर मेरी मोनार्क नावाचा हुलाचा मोठा सोहळा भरतो. त्याचे व्हिडिओ लेकरांना दाखवा, पेलेवरचे हुला बघताना माझ्या अंगावर काटा आला होता.

चमकुरा_वडी
वाह, सगळ्यांनी मनापासून लिहिलंय. माझ्याकडनं एक छोटी गोष्ट, पण मला सगळ्यात जवळची. आकाशपिता वाकेआ आणि होओहोकुकालानी यांचं पहिलं बाळ मेलेलंच जन्मलं. ते मातीत पुरलं, आणि तिथून जे रोप उगवलं ते अळू. दुसरं बाळ झालं, त्याचं नाव त्या थोरल्यावरून हालोआ ठेवलं, आणि हवाईची माणसं स्वतःला त्याचे वंशज मानतात. म्हणजे अळू हा थोरला भाऊ. त्याला जपायचं, मग तो तुम्हाला जेवू घालतो. त्याचा कंद शिजवून कुटून पोई करतात, पूर्वी तेच त्यांचं मुख्य जेवण होतं, आणि पोईचं भांडं उघडं असताना घरात भांडायचं नाही अशी रीत आहे, थोरला समोर बसलाय म्हणून.

ताई, तुमच्याकडं परसात चमकुरा, म्हणजे अळू, असंल तर एक रोप मुळासकट आणा, लेकरांना पानावरचं पाणी दाखवा, कंद दाखवा. चौथीच्या लेकरालाही ही गोष्ट कळते.

गोदाकाठची_ताई
किती छान लिहिलंत सगळ्यांनी, मनापासून आभार. भवानी नाही म्हणणार, आता कारणही सांगता येईल. दगड आणि नकाशा पहिल्या रविवारी, हिइआका दोन भागांत मोठ्यांना, अळूची गोष्ट सगळ्यांना. आमच्या हेमाडपंती देवळाबद्दल गावात म्हणतातच की पांडवांनी एका रात्रीत बांधलं, म्हणून मेनेहुनेंची गोष्ट तिथंच देवळाच्या ओट्यावर सांगावी म्हणते. फक्त लहान लेकरांना माउई कसा रंगवून सांगू? ते चौथीचं टोळकं एका जागी बसत नाही.

बालाघाट_भूगोल
मेनेहुनेंचा तलाव काउआईवर आहे ताई, आलेकोको. त्यांनी अट घातलेली की काम बघायचं नाही, राजा आणि त्याची बहीण चोरून बघत राहिले आणि दगडाचे खांब झाले. हे ऐकून आमच्या शाळेतली पोरं लगेच योगेश्वरीच्या लग्नाचं वऱ्हाड दगड झालं ती कथा सांगायला लागतात.

माउईसाठी उड्या मारायला मोकळीक द्या. त्याची आई हिना सालीचं कापड कुटून उन्हात घालायची, पण सूर्य इतका पळायचा की कापड ओलंच राहायचं. माउई दोऱ्या वळतो, 3,055 मीटर उंच हालेआकालाच्या माथ्यावर रात्रभर दबा धरून बसतो, आणि सूर्याचा एकेक किरण, म्हणजे पाय, वर आला की फास टाकतो. एका पोराला सूर्य करा, बाकीच्यांना दोरी द्या. पकडल्यावर सूर्यानं सगळ्यांसमोर कबूल करायचं की अर्धं वर्ष मी हळू चालेन आणि अर्धं वर्ष घाईनं.