वॉफल मेकरमधून कुरकुरीत निघतं आणि ताटलीत पाच मिनिटांत सादळतं, काय चुकतंय?

रिमझिम

नमस्कार मंडळी, गेले तीन रविवार मी घरी गोड वॉफल्स करतेय आणि तिन्ही वेळा तेच झालं म्हणून शेवटी इथे विचारतेय. मेकर उघडला की वॉफल मस्त दिसतं, सोनेरी, काट्याने टकटक केलं तर आवाज येतो, पण तिसरं होईपर्यंत पहिलं पार सादळलेलं असतं. कोपऱ्याला धरून उचललं की मधेच मान टाकतं आणि खाली ताटलीत बघितलं तर पाण्याचे बारीक बारीक थेंब.

माझं प्रमाण असं, एक कप मैदा, एक कप दूध, दोन अंडी, दोन मोठे चमचे वितळलेलं बटर, दीड छोटा चमचा बेकिंग पावडर आणि दोन मोठे चमचे साखर. कोणीतरी सांगितलं की साखर वाढव म्हणजे कुरकुरीत होईल, म्हणून परवा अर्धा कप घातली तर बाहेरून काळपट, आतून ओलं, आणि वर चिकटलं ते वेगळंच, अर्धं वरच्या प्लेटला अर्धं खालच्या प्लेटला, वीस मिनिटं लाकडी काडीने खाचा कोरत बसले होते. लेकीला वॉफल फार आवडतं आणि ती पहिला घास घेताना माझ्याकडे बघते ना, तेव्हा तो कुरकुर आवाज यावा असं मनापासून वाटतं. बॅटर चुकतंय का मशीन का माझी पद्धत?

घड्याळवाला

ताटलीतले थेंब तुम्ही बघितलेत ना, उत्तर तिथेच आहे. वॉफल बाहेर काढल्यावरही आतून वाफ सोडत असतं, सपाट ताटलीवर ठेवलं की खालची वाफ जाणार कुठे, ती थंड ताटलीला लागून पाणी होते आणि तेच पाणी वॉफल परत पिऊन टाकतं. एकावर एक रचली तर विचारूच नका, आणि गरम राहावीत म्हणून झाकण ठेवलं तर दोन मिनिटांत वातड.

जाळी घ्या, केक गार करायला वापरतात ती, आणि सगळी वॉफल्स एका थरात, एकमेकांना न चिकटवता ठेवा. सगळ्यांना एकदम वाढायची असतील तर ओव्हन 100 अंशांवर ठेवून जाळी आत सरकवा, तिथली कोरडी हवा वाफ ओढून घेते आणि पंधरावीस मिनिटं वॉफल्स छान राहतात, उलट थोडी जास्तच कडक होतात.

दुसरी गोष्ट, मशीनच्या दिव्यावर विसंबू नका. दिवा सांगतो तो प्लेटच्या तापमानाचा हिशोब, वॉफलमधल्या पाण्याचा त्याला पत्ता नसतो. मेकरच्या कडेने वाफ येते ती बघत राहा. आधी भसाभसा येते, मग हळूहळू बारीक होते, आणि जवळजवळ थांबली की त्यानंतर अजून एक मिनिट थांबा. मधे उघडून बघायचा मोह होतोच पण वाफ जोरात असताना उघडलंत तर हमखास फाटणार, कारण कवच अजून धरलेलं नसतं. मेकर आधी रिकामाच दहा मिनिटं तापवा, आणि एक काढलं की लगेच दुसरं ओतू नका, झाकण बंद करून दोन मिनिटं प्लेट परत तापू दे. बऱ्याच घरी दुसरं तिसरं वॉफल फिकं येतं ते यामुळेच.

निळी_छत्री

वरचं सगळं बरोबर, पण रिमझिम, तुझ्या बॅटरमध्येही पाणी जास्त आणि फॅट कमी आहे गं. मी बरेच प्रयोग करून या प्रमाणावर स्थिरावले आहे, बघ करून.

90 ग्रॅम मैदा, 30 ग्रॅम कॉर्नफ्लोअर, एक छोटा चमचा बेकिंग पावडर, चिमूटभर मीठ, 160 मिली दूध, 60 मिली तेल, एक अंडं, एक मोठा चमचा साखर आणि थोडा व्हॅनिला. मध्यम आकाराची तीनचार होतात.

कॉर्नफ्लोअर कशासाठी, तर मैद्यात ग्लुटेन असतं, ते ओलं होऊन ढवळलं गेलं की चिवट होतं, कॉर्नफ्लोअरमध्ये ग्लुटेन अजिबात नाही, नुसता स्टार्च, त्यामुळे कवच पातळ आणि खुसखुशीत येतं. पण चौथ्या हिश्श्याच्या फार पुढे जाऊ नकोस, मग तोंडात पिठूळ लागतं.

आणि तेल का, तर बटरमध्ये साधारण 80 टक्केच फॅट असतं, बाकी बराचसा भाग पाणी, तेलात पाणी नाहीच. वासाला बटर हवं ते मलाही पटतं, मी तेल 40 आणि बटर 20 असं करते, बटर थोडं लालसर होईपर्यंत मंद आचेवर कढवून घेते, म्हणजे पाणीही उडतं आणि खमंग वासही राहतो.

आता अंडं. पिवळा भाग दूध, तेल, व्हॅनिलाबरोबर फेट, कोरडं सगळं चाळून त्यात घाल आणि हलक्या हाताने आठदहा वेळाच फिरव, बारीक गुठळ्या राहिल्या तर राहू देत. पांढरा भाग वेगळ्या स्वच्छ कोरड्या भांड्यात फेटायला घे, फेस आला की त्यात ती चमचाभर साखर घाल आणि बीटर वर उचलल्यावर टोक उभं राहून जरासं वाकेल इतपत फेट. मग बॅटरमध्ये दोन वेळा करून खालून वर असं मिसळ. इथे घाई करू नकोस, पांढरे पट्टे थोडे दिसत राहिले तरी चालेल पण हवा मोडता कामा नये, त्या हवेमुळेच आत हलकं होतं आणि वाफेला बाहेर पडायला वाट मिळते. मिसळल्यावर ठेवून द्यायचं नाही, लगेच ओतायचं. मला तर हाच भाग सगळ्यात जास्त आवडतो, भांडं हातात हलकं लागायला लागतं.

पानगळ

साखरेबद्दल थोडं लिहितो, कारण रिमझिमताईंना जे सांगितलं गेलं ते पूर्ण खोटं नाहीये, फक्त ते वेगळ्या वॉफलबद्दल खरं आहे.

आइस्क्रीमचा कोन बघा, तोही वॉफलच, त्यात साखर भरपूर असते आणि कडकडीत असतो. पण तो इतका पातळ असतो की भाजताना जवळजवळ सगळं पाणी निघून जातं, वितळलेली साखर गार होताना काचेसारखी घट्ट होते, म्हणून तर कोन गरम असताना वळतो आणि गार झाला की मोडतो. जाड वॉफलचं तसं होत नाही, त्याच्या पोटात ओलावा राहतोच आणि राहायलाच हवा. तो ओलावा हळूहळू कवचाकडे येतो आणि साखर पाणी धरून ठेवणारी, मग कवच चिकट आणि मऊ. शिवाय जास्त साखरेचं बॅटर बाहेरून पटकन काळं पडतं म्हणून आपण लवकर काढतो आणि आत कच्चं राहतं, परवा तुमचं नेमकं हेच झालं. म्हणून पातळ बॅटरच्या वॉफलमध्ये साखर चमचा दीड चमचाच ठेवा आणि गोडवा वरून द्या.

वरून देतानाही सिरप आधीच ओतून ठेवू नका, त्या खाचा म्हणजे वाट्याच, भरल्या की दोन मिनिटांत सगळं गेलं. वाटीत वेगळं द्या, खाणारा घासागणिक बुडवेल. पिठीसाखर भुरभुरवायची तर मिनिटभर थांबून, नाहीतर ती वाफेने विरघळून ओलसर होते.

आणि खरंच गोड आणि कुरकुरीत दोन्ही हवं असेल तर लिएजचं वॉफल करा. बेल्जियममध्ये ठळक प्रकार दोन, ब्रसेल्सचं आयताकृती, हलकं, खोल खाचांचं, आणि लिएजचं लहान, वेड्यावाकड्या कडांचं. लिएजचं बॅटर नसतंच, यीस्ट घालून मळलेली, भरपूर बटर आणि अंड्यांची मऊ कणीक असते, आणि ती फुगून आल्यावर शेवटी त्यात पर्ल शुगर मळतात, म्हणजे साखरेचे पांढरे टणक दाणे. दाणे कणकेत विरघळत नाहीत, प्लेटला टेकतात तिथे वितळून कॅरॅमल होतात आणि वॉफलभर एक चकचकीत कवच चढतं. पर्ल शुगर नसेल तर शुगर क्यूब्ज जाडसर फोडून घ्या, वाटाण्याएवढे तुकडे, खाली उरलेला चुरा घालू नका, तो विरघळून कणीक सैल करतो. आच मध्यम ठेवा. काढल्यावर लगेच मऊ लागेल, घाबरू नका, जाळीवर दोन मिनिटं ठेवा, साखर थिजली की दातांखाली कडकन मोडतं. मुलांना मात्र लगेच हातात देऊ नका, वितळलेली साखर उकळत्या पाण्याहून कितीतरी जास्त गरम असते आणि कातडीला चिकटून बसते.

उद्या_बघू

आमच्याकडे अंडं चालत नाही, निळी_छत्री, तुमच्या प्रमाणात काय बदलू?

निळी_छत्री

दुधाऐवजी तेवढंच दाटसर ताक घ्या, पाव छोटा चमचा खायचा सोडा घाला आणि बेकिंग पावडर अर्धी करा, ताकाच्या आंबटपणाने सोडा फुलतो. पांढऱ्या भागाची हलकेपणाची मजा येणार नाही हे मोकळेपणाने सांगते, पण कुरकुरीत नक्की होतं. अंडं नसलं की कवच धरायला वेळ लागतो म्हणून वाफ थांबल्यावर एक नाही दोन मिनिटं थांबा, आणि प्लेटला ब्रशने तेल लावा. तेलाचा तयार स्प्रे नॉनस्टिकवर नको, त्याचा चिकट थर बसतो आणि नंतर निघता निघत नाही.

रिमझिम

आज केलं! आधी मुद्दाम जुन्याच बॅटरचं एक केलं आणि फक्त जाळीवर ठेवलं, तेवढ्यानेच केवढा फरक, कडा दहा मिनिटांनी पण कडक होत्या, मधला भाग मात्र मऊ पडला. मग निळी_छत्रीताईंच्या प्रमाणाने केलं. वाफ थांबायला माझ्या मशीनमध्ये जवळपास सहा मिनिटं लागली आणि दिवा तर साडेतीनलाच हिरवा झाला होता, म्हणजे इतके दिवस मी अर्ध्यावरच काढत होते. उघडल्यावर सुरी लावावीच लागली नाही, कडेने अलगद सुटलं. लेकीने चावा घेतला तो आवाज मला ओट्यापाशी ऐकू आला, फार बरं वाटलं, तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार.

एक राहिलं, दोन उरली आहेत, फ्रिजमध्ये ठेवू का बाहेर?

घड्याळवाला

फ्रिजमध्ये नको, तिथे शिळी लवकर लागतात. जाळीवर पूर्ण गार करा, मधे कागद घालून हवाबंद पिशवीत फ्रीजरला टाका, आणि खायच्या वेळी बाहेर न वितळवता तशीच टोस्टरमध्ये नाहीतर 180 अंशांच्या ओव्हनमध्ये पाचसहा मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये घालू नका, परत मऊ पडतील.