'देवी' सिनेमाची मूळ कथा कोणाची? लेखकाबद्दल कोणी सांगेल का

सांजवात:
काल रात्री सत्यजित राय यांचा 'देवी' पाहिला, डोक्यातून जातच नाहीये. सून म्हणजे साक्षात कालीचा अवतार असं स्वप्न पाहून सासरे उठतात, सरळ येऊन सतरा वर्षांच्या सुनेच्या पायावर डोकं ठेवतात आणि ती बिचारी भिंतीकडे तोंड फिरवते, तिथे मी सिनेमा थांबवून कितीतरी वेळ नुसती बसून होते. कथा प्रभातकुमार मुखोपाध्याय यांची आहे असं दिसलं. मी हे नाव आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं. कोण होते हे? आणि मूळ कथेचा शेवटही असाच आहे का? सिनेमावर वाद झाला होता म्हणे, तो नेमका कशावरून?

जुनीवही:
फार बरं वाटलं कोणीतरी यांच्याबद्दल विचारलं. बंगालबाहेर यांना कोणी ओळखत नाही, सगळे टागोर आणि शरदबाबूंपाशीच (शरच्चंद्र चट्टोपाध्याय) थांबतात. प्रभातकुमार १८७३ चे, गेले १९३२ मध्ये. विलायतेला जाऊन बॅरिस्टर होऊन आले, वकिली केली, पुढे कलकत्त्याला कायदा शिकवला, आणि हे सगळं करता करता शंभराहून जास्त कथा लिहिल्या. बऱ्याचशा हलक्याफुलक्या, त्यामुळे त्यांच्यात 'देवी' एकदम वेगळी पडते. या कथेची कल्पना त्यांना रवींद्रनाथांनी दिली होती, तसं त्यांनी स्वतःच नोंदवून ठेवलंय.

शेवट सांगतोय, ज्यांना वाचायचीय त्यांनी पुढच्या दोन ओळी सोडा. कथेत पुतण्या वारल्यावर दयामयी, म्हणजे ती सून, गळफास घेते. सिनेमात ती भ्रमिष्ट होऊन घराबाहेर धावत सुटते. माझ्या मते राय यांचा शेवट जास्त पोळतो कारण ती कुठे गेली हे कळतच नाही, पण कथेतला शेवट वाचल्यावर पुस्तक मिटून ठेवावं लागतं.

वादाचं म्हणाल तर सिनेमा आला १९६० साली, आणि हा हिंदू धर्मावर हल्ला आहे असं म्हणणारे बरेच निघाले, त्यात राय ब्राह्मो घराण्यातले, म्हणजे मूर्तिपूजा न मानणाऱ्या पंथातले, त्यामुळे आणखीच. परदेशी पाठवायलाही आडकाठी झाली, नेहरूंनी लक्ष घातलं तेव्हा मार्ग मोकळा झाला. १९६२ ला कान महोत्सवात स्पर्धेत होता. आपल्याकडे तोवर राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालेलं, सर्वोत्कृष्ट बंगाली चित्रपटाचं.

रानवारा:
मी स्वतः रोज देवीची पूजा करते आणि मला हा सिनेमा धर्माविरुद्ध अजिबात वाटला नाही. कालीकिंकर, म्हणजे ते सासरे, ढोंगी नाहीयेत हो, तेच तर भयंकर आहे! त्या माणसाची श्रद्धा शंभर टक्के खरी आहे, सुनेवर मायाही खरी आहे, फक्त तिला काय वाटतंय हे घरात एकालाही विचारावंसं वाटत नाही. बसवलं आसनावर, लावला धूप, झाली देवी. शर्मिला टागोर तेव्हा जेमतेम चौदा-पंधरा वर्षांच्या होत्या आणि तो गुदमरलेला चेहरा बघवत नाही.

अजून एक, बंगालीत सुनेला लाडाने 'मा' म्हणतात आणि कालीलाही 'मा'च. सासरे आधीपासून तिला 'मा' म्हणूनच हाक मारत असतात, म्हणजे स्वप्न पडायच्या आधीच अर्धं काम त्या एका शब्दानं केलेलं आहे. सबटायटल्समध्ये हे सगळं निसटतं, म्हणून सांगितलं.

जुनीवही:
रानवारा, 'मा'चं अगदी बरोबर, माझ्या हे लक्षातच आलं नव्हतं.

सांजवात:
बापरे, किती दिलंत तुम्ही लोकांनी, मनापासून आभार. 'मा' ऐकायला परत पाहीन. एकच विचारते, नवरा रात्री तिला पळवून न्यायला येतो, ती नदीपर्यंत जातेसुद्धा, मग परत का फिरते? मला तिचा रागच आला तिथे.

रानवारा:
राग नका धरू तिचा. काठावर काय पडलंय ते बघा परत. विसर्जन झालेल्या मूर्तीचा सांगाडा आहे, माती विरघळून नुसता पेंढा आणि बांबू उरलेला. ते बघून ती थबकते आणि नवऱ्याला म्हणते की मी खरंच देवी असेन तर? तिच्या हातून एक आजारी मूल बरं झालेलं असतं ना, त्यामुळे आता तिची तिलाच खात्री राहिलेली नाही. पळून गेले आणि नवऱ्याचं काही बरंवाईट झालं तर, ही भीती. सगळ्या घरानं, गावानं रोज पाया पडून पडून तिच्या मनात ते घातलंय, आणि तिचा नवरा उमाप्रसाद कलकत्त्याला कॉलेजात शिकलेला असूनही त्या क्षणी तिला समजावू शकत नाही.