मिगेल इन्क्लानचे तीन मेक्सिकन चित्रपट: कोणत्या क्रमाने दाखवावेत?

कृष्णाकाठ (सांगली):
सांगलीत तीन रविवार एकाच नटाचे तीन चित्रपट दाखवायचे ठरतंय. नट मिगेल इन्क्लान. चित्रपट 'नोसोत्रोस लोस पोब्रेस' (१९४८), 'सालोन मेहिको' (१९४९) आणि 'लोस ओल्विदादोस' (१९५०). सालाप्रमाणेच लावावेत का? येणारे बरेचसे नाटकवाले आहेत, तेव्हा त्याच्या कामात नेमकं काय बघा म्हणून सांगावं?

पडद्यामागे:
सालाप्रमाणे नको, 'सालोन मेहिको' शेवटी ठेवा. पहिल्यात तो डॉन पिलार, गांजेकस. त्याची चोरी लुळी पडलेली म्हातारी बघते. ती बोलू शकत नाही, नुसती बघत राहते. ती नजर सोसवेना म्हणून तो तिच्यावर हात उचलतो. इथे त्याचे डोळे बघा.

दुसऱ्यात, म्हणजे 'लोस ओल्विदादोस'मध्ये, दिग्दर्शक बुन्युएलने ते डोळेच काढून घेतलेत. आंधळा डॉन कार्मेलो रस्त्यावर वाद्यं वाजवून पोट भरतो. पोरं त्याला दगड मारतात, ढोल फोडतात, तेव्हा जीव कळवळतो. तोच पुढे लहानग्या मेचेला मांडीवर ओढतो, आणि त्या पोरांचा म्होरक्या हायबो याच्यावर पोलिसांनी गोळी झाडलेली ऐकून खूश होतो. कीव आणि किळस एकाच माणसाबद्दल वाटायला लावणं फार अवघड काम आहे. आपल्याकडे निळूभाऊंना ते जमायचं.

एवढं पाहिल्यावर 'सालोन मेहिको'तला पोलीस शिपाई लुपे येतो. नायिका मर्सेडिस धाकट्या बहिणीच्या शाळेसाठी कशी राबते हे त्याला ठाऊक असतं आणि तो तिला मान देतो. चेहरा तोच, त्यामुळे प्रेक्षक आधी दचकून असतो. लुपे आधी दाखवलात तर हे सगळं वाया जाईल.

अजिंक्यतारा (सातारा):
क्रम पटला. शेवटच्या दोन्हींचा कॅमेरा गाब्रिएल फिगेरोआचा आहे, तेव्हा चेहऱ्यावरचा उजेडही ताडून बघायला सांगा. 'सालोन मेहिको'तला खलनायक पाको म्हणजे रोदोल्फो आकोस्ता, त्याच्याकडेही लक्ष असू द्या.

आता प्रोजेक्टर. तिन्ही चित्रपट जवळपास चौकोनी चौकटीचे, म्हणून सेटिंग ४:३ ठेवा. पडदा भरायला ताणलंत तर चेहरे फुगतात, झूम केलंत तर कपाळं आणि सबटायटलं कापली जातात. सबटायटलची फाइल सेकंदाला २५ फ्रेमची आणि चित्रपट २४ चा असला, तर ८० मिनिटांत ३ मिनिटं १२ सेकंदांचा फरक पडतो. नुसतं मागेपुढे सरकवून भागत नाही, सुरुवात जुळते आणि शेवट चुकतो. फाइलचा फ्रेमरेटच बदलून घ्या, आणि आदल्या दिवशी शेवटची दहा मिनिटं लावून बघा.

पडद्यामागे:
चौथा रविवार मिळाला तर जॉन फोर्डचा 'फोर्ट अपाचे' (१९४८). त्यात इन्क्लान अपाचे टोळीचा नायक कोचीस आहे आणि स्पॅनिशमध्ये बोलतो. पेद्रो आर्मेंदारिस दुभाष्या होऊन त्याचं बोलणं इंग्रजीत सांगतो. वाटाघाटीचा तो प्रसंग तेवढा दाखवलात तरी चालेल.