‘प्रॉडक्शन डिझायनर’ आणि ‘प्रोड्यूसर’ यांना मराठीत काय म्हणावे?

प्रश्न: चित्रपट-दिग्दर्शक रिडली स्कॉट यांच्या दूरचित्रवाणीवरील कामाविषयी एक टिपण लिहीत आहे. लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमधून बाहेर पडल्यावर ते बीबीसीत ‘डिझायनर’ झाले आणि पुढे अनेक मालिकांचे ‘प्रोड्यूसर’. मी अनुक्रमे ‘कलादिग्दर्शक’ आणि ‘निर्माता’ असे लिहिले आहे. ते योग्य आहे का?

प्रतिसाद: ‘कलादिग्दर्शक’ चुकीचा नाही, पण तो चित्रपटाच्या अंगाने आलेला शब्द आहे. १९६०च्या दशकातील बीबीसीचे नाटक स्टुडिओत, एकाच वेळी अनेक कॅमेरे लावून चित्रित होत असे. नाट्यगृहात लावतात तसाच तीन भिंतींचा सेट, चौथ्या बाजूने कॅमेरे, आणि त्यांना फिरायला वाट राहील अशा बेताने डिझायनरने आखलेला जमिनीचा नकाशा, असे ते काम होते. मला त्यासाठी ‘नेपथ्यकार’ हाच शब्द जवळचा वाटतो.

प्रश्नकर्ता: परंतु ‘नेपथ्य’ म्हटले की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे रंगमंच येतो. शिवाय बीबीसीचा डिझायनर केवळ भिंती उभारत नसे. ‘डॉक्टर हू’ या बीबीसीच्या विज्ञानकथा-मालिकेतील डॅलेक हे यंत्रप्राणी डिझायनरनेच घडवले. त्यांना नेपथ्य कसे म्हणायचे?

प्रतिसाद: आपण दिलेले उदाहरण माझ्याच बाजूचे आहे. संस्कृतात ‘नेपथ्य’ म्हणजे नटाचा वेश, आणि पडद्यामागची वेश करण्याची जागाही. संस्कृत नाटकांतील ‘नेपथ्ये’ ही रंगसूचना त्या जागेवरूनच आली. ‘सेट’ हा अर्थ मराठीने नंतर रूढ केला. डॅलेकच्या आत एक नट बसून ते कवच चालवत असे, म्हणजे मूळ अर्थाने ते नेपथ्यच! जाता जाता, १९६३ मध्ये ते काम आधी स्कॉट यांच्याकडेच जायचे होते, परंतु वेळापत्रक जुळले नाही आणि ते बीबीसीचेच डिझायनर रेमंड क्युसिक यांच्याकडे गेले. क्युसिक यांनी मिरपुडीच्या डबीवरून डॅलेक काढला, असे सर्रास लिहिले जाते; त्यांचे म्हणणे मात्र एवढेच होते की, तो कसा सरकेल हे दाखवण्यासाठी त्यांनी जेवणाच्या टेबलावरची डबी फिरवून दाखवली होती. क्युसिक बीबीसीचे नोकरदार असल्यामुळे त्या आकृतीवर त्यांचा हक्क राहिला नाही. डॅलेकची कथा लिहिणारे टेरी नेशन यांना मात्र डॅलेकपासून भरपूर उत्पन्न मिळाले. ‘रचनाकार’ हा शब्द मी इथे टाळतो तो यामुळेच, कारण त्यातून मालकीचा भास होतो.

प्रश्नकर्ता: आणि ‘निर्माता’?

प्रतिसाद: इथे अधिक सांभाळावे लागेल. आपल्याकडे ‘निर्माता’ म्हटले की पैसा घालणारा माणूस समजला जातो. बीबीसीत प्रोड्यूसर हा पगारी असे, आणि सुरुवातीच्या काळात बहुधा तोच दिग्दर्शनही करी. सिडनी न्यूमन नाट्यविभागाचे प्रमुख झाल्यावर, १९६३च्या सुमारास, प्रोड्यूसर, दिग्दर्शक आणि पटकथा-संपादक ही कामे वेगळी केली गेली. ‘डॉक्टर हू’च्या पहिल्या निर्माती व्हेरिटी लँबर्ट या त्याच व्यवस्थेतल्या. मुंबई दूरदर्शनवरही ‘निर्माता’ हे नोकरीतले पद होते आणि कार्यक्रम बसवण्याचे कामही अनेकदा त्याच व्यक्तीकडे असे. त्या अर्थाची ज्यांना सवय आहे, त्यांना हा शब्द खटकणार नाही.

आपल्या टिपणातील खरी अडचण पुढे आहे. ‘द गुड वाइफ’सारख्या अमेरिकन मालिकांच्या श्रेयनामावलीत स्कॉट ‘एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर’ आहेत. त्याचे ‘कार्यकारी निर्माता’ असे शब्दशः भाषांतर कराल, तर आपल्याकडच्या मालिकांशी परिचित वाचकाला वाटेल की हे गृहस्थ रोज सेटवर उभे राहून कलाकारांच्या तारखा आणि जेवणाचे डबे सांभाळत होते. त्यापेक्षा ‘निर्मात्यांपैकी एक’ असे सरळ लिहावे आणि भाऊ टोनी यांच्यासह चालवलेल्या ‘स्कॉट फ्री’ या निर्मितिसंस्थेचे नाव त्याच वाक्यात द्यावे.