यीस्ट वाढवून उपयोग नाही
ज्वारीचे बन पसरतात तर यीस्ट वाढवा, हे कुणीतरी सुचवलेलं पटलं नाही. ज्वारीत ग्लूटेन (गव्हातलं चिवट प्रथिन) नाही म्हटल्यावर वायू धरून ठेवणार कोण? बन भसकन फुगतो आणि ओव्हनमध्ये बसतो. त्यापेक्षा इसबगोल वापरा: ५०० ग्रॅम पिठाला साधारण २५ ग्रॅम, आधी पाण्यात भिजवून, चांगला बुळबुळीत होऊ द्यायचा. पीठ तरीही सैलच राहतं, म्हणून फॉइलच्या जाड घड्या घालून रिंगा करायच्या नि त्यातच भाजायचं. गरम असताना कापलात तर आतून गिच्च लागणार.

घरात कुणाला सीलिॲक (ग्लूटेन अजिबात न चालणारा आजार) असेल तर मात्र नाक्यावरच्या गिरणीतली ज्वारी नको. त्याच जात्यावर आधी गहू दळलेला असतो. घरघंटी असेल तर तीही फक्त ग्लूटेनविरहित धान्यांसाठीच ठेवा.