मदत हवी आहे : पंपगृहातल्या चित्रीकरणात पट्टे आणि घुमणारा आवाज

मंडळी, कृष्णेचं पाणी जतच्या शिवारापर्यंत चढतं कसं, या माहितीपटासाठी म्हैसाळ उपसा सिंचन योजनेच्या पंपगृहात चित्रीकरण करायचं आहे. दोन अडचणी आहेत.

पहिली दिव्यांची. वीज ५० हर्ट्झची, म्हणून चोकवाल्या ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर प्रकाश पडण्याचा वेळ, १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवलं की चित्र स्वच्छ येतं. १/६० केलं की पट्टे सरकायला लागतात. पण काही स्वस्त एलईडी दिव्यांचे ड्रायव्हर (दिव्याला वीज पुरवणारं सर्किट) वेगळ्याच वारंवारतेने चालू-बंद होतात, तिथे १/५० वरही पट्टे दिसू शकतात. शटर बारीक पायऱ्यांनी बदलून जुळवावं, की सरळ स्वतःचे दिवे न्यावेत?

दुसरी अडचण जास्त किचकट. ध्वनिमुद्रणात घुमणारा आवाज येतो. तो कुठून येतो हे शोधायला माइक काढून केबलच्या टोकाला १५० ओहमचा रोध लावून ऐकायचं. तरीही आवाज राहिला तर तो केबलमधून शिरलेला. त्यावर उपाय म्हणजे बॅलन्स्ड केबल (दोन तारांवर उलटसुलट सिग्नल नेऊन बाहेरचा गोंगाट रद्द करणारी), आणि पॉवर केबल ओलांडायची तर काटकोनात, समांतर कधीच नाही. पण ट्रान्सफॉर्मरचा गाभाच १०० हर्ट्झला थरथरतो, तो आवाज खरा. तोच तर हवाय! ५०, १००, १५० हर्ट्झवर सरसकट नॉच फिल्टर (ठरावीक वारंवारताच कापणारा) मारला की यंत्राचा जीवच जातो.

उपसा नळाच्या पोलादावर कॉन्टॅक्ट माइक (हवेतला आवाज नव्हे, तर वस्तूची थरथर टिपणारा) कुणी लावला आहे का? चुंबकाने धरावा की मेणाने? सांगली-मिरजेत भाड्याने मिळत असेल तर तेही कळवा.